एकेचाळिसावी कांडी

पूर्वी शंखपूर नगरात जयसेन राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्व त्या नगराच्या तटाबाहेर, वेळूकारांच्या वस्तीत जन्माला आले होते. आईबापांनी त्यांचे नाव खदिर ठेवले. मोठेपणी ते वस्तीचे प्रमुख झाले. प्रमुख म्हणजे काय, तर नगरातून कुणी तणतणत आले की सगळ्यांच्या वतीने ऐकून घ्यायचे, एवढेच. बाकी त्यांचेही हात इतरांसारखेच वेळूच्या धारेने चिरलेले होते.

पण ही गोष्ट त्यांच्याइतकीच त्यांच्या बायकोची, पाटलेची आहे. म्हणून आपण पाटलेच्या जवळ बसूनच ती ऐकू.

वेळूकार सुपे, टोपल्या, रोवळ्या, कणग्या विणीत. नगरातल्या एकाही घरात त्यांच्या हातच्या सुपावाचून धान्य पाखडले जात नसे. पण वेळूकार दारात आला की घरधनीण म्हणे, "तिथेच ठेव आणि लांब हो." सूप आत जाई, विणणारा बाहेर राही. याचे कुणाला काही वाटत नसे. सवय म्हणतात ती हीच.

शंखपुरात राजा होता, पण मोठे निर्णय तो एकटा घेत नसे. नगरात चाळीस श्रेणी होत्या. सोनार, सुतार, तेली, कोष्टी, कुंभार, व्यापारी, सगळ्यांची एकेक श्रेणी. प्रत्येक श्रेणीचा एक ज्येष्ठ सभेत बसे. काही ठरवायचे असले की प्रत्येकाला वेळूच्या दोन वीतभर कांड्या मिळत. एक लाखेने लाल रंगवलेली, एक साधी. लाल म्हणजे होय, साधी म्हणजे नाही. उपरण्याखाली हात घालून ज्येष्ठ आपल्याला हवी ती कांडी तांब्याच्या घागरीत टाकी, उरलेली मातीच्या घागरीत. मग तांब्याची घागर चादरीवर पालथी करून कांड्या मोजीत. कुणी काय टाकले ते कुणालाही कळत नसे. म्हणून तर शेठसावकाराच्या तोंडावर हो म्हणणारा माणूसही घागरीपाशी आपल्या मनासारखे करू शके.

या कांड्या वेळूकारच कापीत, आणि त्यांतही पाटलेचा हात सगळ्यांत सरस. तीन वर्षांचा वेळू, तोही कृष्णपक्षात तोडलेला, नाहीतर त्याला भुंगा लागतो. मग वाहत्या पाण्यात भिजवायचा, सावलीत वाळवायचा, आणि पेरे टाळून मधल्या भागातून कांड्या काढायच्या. डोळे मिटून हाताळल्या तर एकीत आणि दुसरीत तिळाएवढा फरक लागता कामा नये. सभेच्या दिवशी पाटला ही जुडी घेऊन जाई, सभागृहाच्या तिसऱ्या पायरीवर ठेवी आणि मागे सरे. मग द्वारपाल कांड्यांवर पाणी शिंपडून त्या आत नेई. पाण्याने कांड्या शुद्ध होत. कापणारे हात मात्र कितीही धुतले तरी शुद्ध होत नसत. आता हे कुठले पाणी म्हणायचे, ते तो द्वारपालच जाणे!

एकदा असे झाले की भोगदेव नावाच्या श्रेष्ठीच्या डोळ्यांत वेळूकारांची वस्ती भरली. वस्ती नदीकाठी होती, वरच्या अंगाला वेळूचे दाट बन. भोगदेवाचे होड्यांमधून माल आणण्याचे काम वाढले होते. त्याला तिथे धक्का आणि कोठारे बांधायची होती. तो राजाला म्हणाला, "महाराज, त्या लोकांना टेकडीपलीकडे मोकळी जमीन देऊ. त्यांचंही भलं होईल, नगराचंही." टेकडीपलीकडची जमीन म्हणजे नुसते चोपण. पावसाळ्यात चिखल आणि उन्हाळ्यात पांढरे मीठ. तिथे गवताची काडी धड उगवत नव्हती, वेळू कुठला उगवायला? पण भोगदेव बोलायला असा गोड की ऐकणाऱ्याला वाटावे, हा माणूस झोपेतही परोपकारच करतो.

राजा म्हणाला, "पौर्णिमेला सभा ठरवील."

दवंडीवाला वस्तीत आला. वस्ती उठवायची की नाही हे पौर्णिमेला ठरेल, असे त्याने सांगितले. मग ढोल खाली ठेवून म्हणाला, "आणि हो, चाळीस जोड कांड्या वेळेवर पोचवा. गेल्या खेपेला दोन जोड शेवटच्या घटकेला आणलेत."

पाटला सूप विणीत बसली होती. तिचा हात जागच्या जागी थांबला. "म्हणजे आम्हाला हाकलायचं की नाही, ते ठरवायच्या कांड्या आम्हीच कापायच्या?"

"मग कुणी कापायच्या?" दवंडीवाल्याने भाबडेपणाने विचारले. त्याला खरोखरच दुसरे काही सुचले नव्हते.

त्या दिवशी चिंचेखाली वस्तीची बैठक बसली. पुरुष समोर बसले. बायका तट्ट्याच्या आडोशाला, मागे. वस्तीची रीत तशीच होती. बायकांनी ऐकावे, बोलू नये. तो तट्टा बायकांनीच विणलेला होता, हे वेगळे सांगायला नको.

तरण्या पोरांचे रक्त तापले होते. त्यांतला एकजण म्हणाला, "लाख नकोच. कच्च्या कुसुंबाने रंगवू, पाण्यात सुटतो तो. घागरीला आतून ओल असतेच. लाल कांड्या बाहेर निघेपर्यंत साध्या होतील. बसू दे मग भोगदेवाला हात चोळत!"

सगळे खूश झाले. म्हातारा गोणक, वस्तीतला सर्वांत वडीलधारा माणूस, तोसुद्धा मान डोलावू लागला.

बोधिसत्त्व म्हणाले, "नको. आज खोटी कांडी आपल्या बाजूने बोलेल. उद्या दुसरा कुणी तिला आपल्या बाजूने बोलायला लावील. आणि आजवर आपल्या हातचं एकही काम खोटं निघालेलं नाही. आपल्यापाशी तेवढंच तर आहे."

"मग काय हात जोडून चोपणावर जायचं?" पोरगा उसळला.

तेवढ्यात तट्ट्यामागून आवाज आला, "कापूच नका ना."

गोणक कडाडला, "कोण बोललं ते? बैठकीत बायका कधीपासून बोलायला लागल्या?"

आवाज पाटलेचा होता हे सगळ्यांनाच कळले होते. तट्ट्यामागे ती मान खाली घालून बसली. जीभ चावली होती, पण शब्द तर निघून गेला होता. आता नवऱ्याला चारचौघांत मान खाली घालावी लागणार, असे तिला वाटले.

इतकी वर्षे बोधिसत्त्व या चिंचेखाली पुढे बसत आले होते. तट्ट्यामागे कोण बसते, ते काय विचार करतात, हे त्यांनी कधी विचारले नव्हते. भला माणूस होता, पण विचारले नव्हते, हे खरेच. ते उठले, तट्ट्यापाशी गेले आणि तो बाजूला सारला.

"पाटले, पुढे ये. तिथून बोललेलं नीट ऐकू येत नाही."

पाटला पुढे आली. ती म्हणाली, "कांड्या कापायच्याच नाहीत. फसवायचं नाही, भांडायचं नाही. हात मोकळे नाहीत म्हणून सांगायचं. त्यांच्या त्यांना कापू देत."

"कापतील की!" गोणक म्हणाला. "सुतार आहेत त्यांच्यात. मग आपलं काय राहिलं?"

"कापू देत, मामंजी," पाटला म्हणाली. म्हातारा तिच्या सासऱ्याचा भाऊ लागत होता. "मी सोळा वर्षं त्या कांड्या कापते आहे. त्या लाकडाच्या आहेत की वेळूच्या, यानं काही होत नाही. त्यांना कुणाच्या तरी हातच्या कांड्यांवर विश्वास ठेवावा लागेल. तो कुणावर ठेवतील ते बघू."

बोधिसत्त्वांनी बैठकीकडे पाहिले. "मला हे पटतं. तुम्हाला?"

पटले सगळ्यांनाच, पण बाईचे पटले असे म्हणायला जीभ रेटेना. शेवटी म्हणाले, "खदिरदादा म्हणतात तर तसं." पाटलेला ते ऐकू आले. तिने ओठ घट्ट मिटले.

द्वारपाल आला, तणतणला, परत गेला. भोगदेव राजाला म्हणाला, "चाबूक लावा महाराज, सरळ होतील."

राजा फार दयाळू नव्हता, पण मूर्खही नव्हता. तो म्हणाला, "चाबकाखाली कापलेली कांडी सरळ निघेल कशावरून? आणि ती सरळ आहे, यावर चाळीसजण विश्वास ठेवतील कशावरून? कापू देत सुतारांना."

सुतारांनी सुबक कांड्या कापून आणल्या. तर सोनारांचा ज्येष्ठ म्हणाला, "कोठारांच्या लाकडाचं काम सुतारांनाच मिळणार आहे. कांडीवर त्यांची खूण नसेल कशावरून?" सुतार भडकले. मग सोनारांनी कापाव्यात म्हटले, तर कोष्टी नको म्हणाले. कोष्ट्यांवर तेल्यांचा भरवसा नव्हता, आणि व्यापाऱ्यांवर तर कुणाचाच नव्हता. नगरात इतकी हुशार माणसे, पण सगळ्यांना चालेल असा एक हात सापडेना. वेळूकारांचा हात आजवर चालत होता, कारण त्यांना सभेत कांडीच नव्हती. ज्याला काही मिळणारच नाही, तो लबाडी कशासाठी करील?

शेवटी तोड निघाली ती अशी, की प्रत्येक श्रेणीने आपल्यापुरत्या दोन कांड्या आपणच कापून आणाव्यात. सगळ्यांनी माना डोलावल्या. इतक्या शहाण्यांच्या डोक्यात एक साधी गोष्ट आली नाही. कारागिराला सगळे लपवता येते, आपला हात लपवता येत नाही.

पौर्णिमेला सभा भरली. ज्येष्ठांनी उपरण्याखालून कांड्या टाकल्या आणि घागर पालथी झाली. चादरीवर सोनाराची कांडी पडली ती आरशासारखी घासलेली. कोष्ट्याने कांडीला टोकाशी सूत गुंडाळले होते, हातातून सटकू नये म्हणून. कुंभाराच्या कांडीवर मातीची बोटे उठली होती. आणि तेल्याची कांडी तेलाने अशी चमकत होती की दारातून ओळखावी. ती साधी निघाली.

हा तेली गेले आठ दिवस भोगदेवाकडे जेवत होता आणि लाल कांडीची शपथ वाहत होता. भोगदेवाच्या अंगाचा तिळपापड झाला. "अरे, माझ्या तुपाला तरी जागायचंस!" असे तो भर सभेत ओरडला. तेलीही गप्प बसला नाही. "तुझी कोठारं झाली तर माझा घाणा घाटावरून उठेल, ते नाही सांगितलंस जेवताना!" मग कोण कुणाकडे पाहून लाजला, कोण कुणावर धावून गेला, याला सुमार राहिला नाही. कुणाचे पागोटे कुठे जाऊन पडले ते दुसऱ्या दिवशीपर्यंत सापडत होते. राजाने सभा मोडली आणि तो कौल रद्द केला.

पुढच्या दोन सभा भरल्याच नाहीत. कोणी येईचना. पाटाच्या पाण्याच्या पाळ्या ठरायच्या राहिल्या. तटाची भिंत खचली होती, तिची डागडुजी कुणी करायची तेही ठरेना. राजाच्या नाकी नऊ आले. तेव्हा भोगदेव त्याच्या कानाशी लागला. आता त्याने चाबकाचे नाव काढले नाही.

"महाराज, त्यांच्यातल्या एकाला आत घ्या. त्या खदिरालाच घ्या. एक आत आला की बाकीचे आपोआप गप्प बसतात."

राजाने बोधिसत्त्वांना बोलावले. पाटला आणि वस्तीतल्या चार बायका बरोबर गेल्या. बोधिसत्त्व तिसऱ्या पायरीवर उभे राहिले, बायका खाली. राजा, भोगदेव आणि सगळे ज्येष्ठ वर सभागृहाच्या दारात उभे होते.

राजा म्हणाला, "खदिर, तू शहाणा माणूस आहेस. तुला नगरात घेतो. नदीत स्नान कर, नवं वस्त्र नेस, नवं नाव घे. तटाच्या आत घर देतो, अंगणात विहीर आहे. सभेत तुला कांडी मिळेल. एकेचाळिसावा ज्येष्ठ तू. फक्त कांड्या पूर्वीसारख्या येऊ देत, आणि वस्तीचं सभा ठरवील तसं होऊ दे."

विहीर हा शब्द पाटलेच्या कानात अडकला. वेळूकारांना पाणी भरावे लागे धोबीघाटाच्या खाली, जिथे साऱ्या नगराचा मळ वाहून येई. सोळा वर्षे ती ते पाणी फडक्याने गाळून घरात नेत होती. क्षणभर तिच्या मनात आले, हो म्हणा. आपल्या दोघांपुरते तरी हो म्हणा. मग तिने शेजारच्या बायकांकडे पाहिले. त्या बोधिसत्त्वांकडे पाहत नव्हत्या, तिच्याकडे पाहत होत्या. पाटलेला स्वतःचीच लाज वाटली.

बोधिसत्त्व म्हणाले, "महाराज, मी नदीत स्नान करून नवं नाव घेतलं, तर सभेत बसेल तो खदिर नसेल. दुसराच कुणी असेल. त्याला आमच्या वस्तीचं काय ठाऊक असणार? घर नको, नाव नको. कांडी द्यायची तर वस्तीला द्या. तिथं कुणाला पाठवायचं ते वस्ती ठरवील."

ज्येष्ठांत कुजबुज झाली. भोगदेव हसला. "वा! कांड्या हेच कापणार आणि हेच टाकणार? मग त्या कांड्यांवर विश्वास कुणी ठेवायचा?"

मुद्दा बिनतोड होता. ज्येष्ठ माना हलवू लागले. राजानेही बोधिसत्त्वांकडे पाहिले. बोधिसत्त्वांना उत्तर सुचत नव्हते असे नाही. पण ते म्हणाले, "कांड्या जिच्या हातच्या आहेत, ती खाली उभी आहे. तिला विचारा."

पाटलेची पाचावर धारण बसली. राजाशी बोलायचे! पण राजा तिच्याकडेच पाहत होता. ती म्हणाली, "महाराज, आजवर तुम्ही विश्वास ठेवलात, तो आम्ही मुके म्हणून. मुक्यावर ठेवतात तो विश्वास नसतो, नुसती सोय असते. स्वयंपाक करणाऱ्या बाईला त्याच भातातलं जेवायचं असलं, तर ती तांदूळ अधिक नीट निवडते की कमी? घागरीत माझीही कांडी पडणार असली, तर दुसऱ्याच्या कांडीत खोट ठेवून मला कसं चालेल? उद्या माझीच खोटी ठरेल." मग तिने आणखी एक सांगितले. "आणि भरवसा नसेल, तर कापताना कुणीही येऊन समोर बसा. आमचं अंगण उघडंच आहे. तुम्हीच आजवर आला नाहीत."

सोनारांचा ज्येष्ठ हळूच म्हणाला, "बाईचं बोलणं वावगं नाही." तेलीही म्हणाला. त्याला दुसऱ्यांदा फजिती नको होती. आणि खरे सांगायचे तर राजाचा नाइलाज होता. उदारपणा वगैरे काही नव्हता. कांड्यांवाचून त्याचे राज्य अडले होते. तो म्हणाला, "ठीक. एक कांडी वस्तीची. पुढच्या पौर्णिमेला माणूस पाठवा. वस्तीचा कौलही तेव्हाच होईल."

वस्तीत आनंदीआनंद झाला. गोणकाने बोधिसत्त्वांच्या पाठीवर थाप मारली. "जा बाबा, आता रुबाबात बस त्यांच्यात!"

"अजून कुणी निवडलं नाही मला," बोधिसत्त्व म्हणाले.

"निवडायचं काय त्यात? तू प्रमुख आहेस."

"निवडायचं. सभेसारखंच. आपल्याही अंगणात कांड्या आहेतच. प्रत्येकाला दोन. बायकांनाही."

गोणकाचे डोळे विस्फारले. "बायकांना? अरे, वेड लागलं का तुला?"

"काका," बोधिसत्त्व शांतपणे म्हणाले, "राजानं आपल्याला बाहेर ठेवलं तेव्हा आपल्याला राग आला. तो राग खरा होता ना? मग हा तट्टा आपण कुठल्या तोंडानं उभा करायचा?"

म्हातारा बराच वेळ पुटपुटत राहिला. पण तोंड उघडून नाही म्हणणे त्यालाही जमेना.

कोण जाणार, असे विचारल्यावर पुरुषांनी खदिरदादांचे नाव घेतले. मग बायकांच्या बाजूने तारा नावाची विधवा उभी राहिली. ती हयातीत बैठकीत बोलली नव्हती. ती म्हणाली, "पाटला." एवढेच बोलली आणि खाली बसली. लाल कांडी पाटलेची, साधी खदिरदादांची, असे ठरले. लोकांनी घोंगडीखाली हात घालून कांड्या टाकल्या आणि मातीची घागर पालथी झाली.

लाल कांड्या अधिक निघाल्या. थोड्याच, पण अधिक.

बोधिसत्त्वांना क्षणभर काहीच वाटले नाही असे म्हटले तर ते खोटे होईल. पंधरा वर्षे ज्यांच्यासाठी बोलणी खाल्ली, त्यांनी दुसऱ्याला निवडले होते. छातीत कुठेतरी बारीक कळ उठली. त्यांनी तिच्याकडे पाहिले, ती आहे हे मान्य केले, आणि तिला जाऊ दिले. मग ते पाटलेपाशी आले. ती रडकुंडीला आली होती.

"तुम्ही मुद्दाम केलंत हे. तुमची कांडी लालच होती ना? खरं सांगा!"

"हे विचारायचं नसतं," बोधिसत्त्व म्हणाले. "घागर कशासाठी असते मग?"

सगळी वस्ती खो खो हसली. पाटलासुद्धा हसली, आणि त्या हसण्यातच तिला कळले की आता मागे फिरता येणार नाही.

कृष्णपक्षात वेळू तोडला गेला. सोनारांचा आणि तेल्यांचा असे दोन ज्येष्ठ अंगणात येऊन बसले. आधी अंग चोरून बसले, मग कंटाळून बसले, शेवटी सोनार म्हणाला, "ते पातं जरा दाखव बघू, धार कशी लावतेस?" एकेचाळीस जोड कांड्या झाल्या.

पौर्णिमेला पाटला जुडी घेऊन सभागृहापाशी आली. बोधिसत्त्व बरोबर होते. तिसऱ्या पायरीवर ते थांबले. पुढे एकटीनेच जायचे होते. दारात द्वारपालाने सवयीने पाण्याचे भांडे उचलले आणि तो घोटाळला. कांड्यांवर शिंपडावे, की हिच्यावर, की कुठेच नाही?

पाटला म्हणाली, "भाऊ, मी आंघोळ करून आलेय. ते पाणी ठेव, सभा लांबली तर प्यायला लागेल." द्वारपालाने भांडे खाली ठेवले.

आत तिला बसायला कोपऱ्यात जागा ठेवली होती. ती बसली. पाय पोटाशी घेऊन, फार जागा लागू नये अशी बसली. इतक्या वर्षांची सवय एका दिवसात कशी जाणार? भोगदेव गोड गोड बोलला. धक्का, कोठारे, नगराचा उत्कर्ष. मग राजाने विचारले, "आणखी कुणाला बोलायचं आहे?"

पाटला उठली. "चोपणावर वेळू येत नाही. वेळू नसला तर आम्ही विणायचं काय? दोन वर्षांत आम्ही तुमच्या दारात भीक मागायला येऊ, आणि तुम्ही म्हणाल की हे लोक आळशी आहेत. श्रेष्ठी म्हणतात आमचं भलं होईल. आमचं भलं कशात आहे, हे त्यांनी आम्हाला कधीच विचारलं नाही. आज विचारलंत म्हणून सांगते. आमचं भलं नदीकाठच्या त्या बनात आहे. तेवढंच." आणि ती बसली.

कांड्या वाटल्या. पाटलेने पदराखाली हात घातला. बोटांना कांड्यांची ओळख होती, पण अशा त्या तिने कधीच धरल्या नव्हत्या. साधी कांडी तिने तांब्याच्या घागरीत टाकली. टाकताना ती घागरीच्या काठाला लागली आणि टण् असा आवाज झाला.

घागर पालथी झाली. मोजणाऱ्याने लाल कांड्या एकीकडे केल्या, सोळा. साध्या पंचवीस. आता कोणाची कुठली हे कळायची भीती नव्हती, आणि माणसांनी मनातले टाकले होते. वस्ती राहिली. बन राहिले.

भोगदेव जाता जाता म्हणाला, "बाई, तुझ्या एका कांडीनं काही फरक पडला नाही. तशीही मी हरलोच असतो."

पाटला चादरीपाशी वाकून साध्या कांड्या पाहत होती. एक उचलून बघितली, दुसरी बघितली. एकूण एक तिने स्वतः कापल्या होत्या. तरी त्या पंचवीसांतली आपली कुठली, सोनाराची कुठली आणि तेल्याची कुठली, हे तिला काही केल्या ओळखू येईना.

ती बाहेर आली. बोधिसत्त्व तिसऱ्या पायरीवरच होते. "काय झालं?"

"राहिली वस्ती," पाटला म्हणाली. मग तिचा बांध फुटला. "अहो, मी माझी कांडी शोधली. सापडलीच नाही. सगळ्या सारख्याच आहेत!" आणि ती भर रस्त्यात, तिथल्या पायरीवर बसून, ढसाढसा रडली आणि रडता रडता हसली.

ही गोष्ट पुढे शास्त्यांनी, म्हणजे बुद्धांनी, एका विहारात सांगितली. तिथल्या थेरांनी, म्हणजे वडीलधाऱ्या भिक्षूंनी, भिक्षुणींचा निवास गावाबाहेर हलवायचे ठरवले होते. शास्त्यांनी विचारले होते, "भिक्षुणींना विचारलंत का?" तेव्हा थेर कपिलक म्हणाले होते, "भंते, विचारायचं काय त्यात? त्यांच्या भल्याचंच ठरवलंय." भिक्षुणी सर्वांत मागे, खांबांच्या आड बसल्या होत्या.

गोष्ट संपवून शास्ते म्हणाले, "भिक्षूंनो, तेव्हाचा राजा जयसेन म्हणजे आजचा या विहाराचा दाता गृहपती. श्रेष्ठी भोगदेव आज त्याचा कारभारी आहे, अजूनही तितकाच गोड बोलतो. तेली आणि सोनार हे समोर बसलेले दोघे उपासक. पाटला म्हणजे त्या खांबामागे बसलेली भिक्षुणी वसुला. खदिर तो मीच. आणि कपिलका, म्हातारा गोणक तू होतास."

थेर कपिलकांनी मान खाली घातली.

शास्ते पुढे म्हणाले, "त्या जन्मी मी कुणाला काही दिलं, असं समजू नका. ती जागा पाटलेचीच होती, मी फक्त वाटेतून बाजूला झालो. बाजूला होताना छातीत कळ आली, तरी पाय मागे घेतला नाही. आपल्याला आणि दुसऱ्याला एकाच मापानं मोजणारं हे जे चित्त, त्याला समचित्त म्हणतात. बुद्धत्वासाठी लागणारी ती पारमिता मी त्या जन्मी पुरी केली."

तेव्हा थेर कपिलक आसनावरून उठले, साऱ्या संघासमोरून चालत खांबापाशी गेले आणि भिक्षुणी वसुलेला म्हणाले, "भगिनी, पुढे या. तुम्हाला काय वाटतं ते आम्ही विचारलंच नव्हतं."